मोटारीचा रोट

सुंदरबाईच्या घरात मोटार शिरली, तेव्हा सुंदरबाईचा नवरा त्याच मोटारीत बसलेला होता.

लोटन पाटील धुळ्याला निघाला होता. मोटारीत बसायची त्याची ही पहिलीच खेप, म्हणून तासभर आधी येऊन त्यानं पुढच्या बाकावर जागा धरली होती. ड्रायव्हर वना पलीकडे बाभळीखाली बिडी ओढत होता. इतक्यात मोटार आपोआप चालू लागली. लोटनला त्यात काही वावगं वाटलं नाही. मोटार म्हणजे यंत्र आणि यंत्र आपोआप चालतं, एवढं त्याच्या कानावर आलेलं होतं. उताराच्या शेवटी स्वतःचंच घर समोर येताना दिसलं, तेव्हा ही मोटार प्रत्येकाच्या दारावरून जाते की काय असं वाटून त्याला उलट बरंच वाटलं. मग मोटारीनं ओट्यावर पुढची चाकं चढवली, समोरची भिंत पाडली आणि अर्धं अंग घरात घालून ती थांबली. धूळ खाली बसल्यावर लोटनला काचेतून आपली चूल दिसली. चुलीवर पिठलं होतं. मागे वळून पाहिलं, तर बायको दोन्ही हातांत एक दगड धरून धापा टाकत उभी होती.

"धुये उनं का?" लोटननं विचारलं.

"खाले उतरा," सुंदरबाई म्हणाली आणि कोणी यायच्या आत तिनं तो दगड ओट्याच्या कडेला रांजणाच्या फळीवर ठेवून दिला.

या दगडाची हकिगत आधी सांगितली पाहिजे. धुळे ते पारोळे रस्त्यावरच्या पिंपळखेड्यात ही सर्व्हिस मोटार रोज सकाळी उभी राहायची, ती नेमकी सुंदरबाईच्या घरावरच्या उतारावर. हँडल मारून ती सहसा सुरू होत नसे. उतारावर ढकलली म्हणजे सुरू व्हायची. ब्रेक होता, पण त्याच्यावर वनाचा विश्वास नव्हता. म्हणून तो रोज सुंदरबाईच्या रांजणावरचा दगड उचलून न्यायचा आणि पुढच्या चाकाखाली अडसर म्हणून त्याची उटी लावायचा. निघताना दगड परत ठेवायचं त्याच्या लक्षात राहिलं तर राहिलं. त्या दिवशी दगड नाही म्हणून फळी सरकली आणि गल्लीतल्या कुत्र्यानं रांजणात तोंड घातलं. दोन कोस चालून आणलेलं पाणी ओतून द्यावं लागलं. सुंदरबाई तरातरा उतार चढून गेली आणि आपला दगड घेऊन आली. मोटार तिच्या मागोमाग आली.

हे तीन जणांनाच ठाऊक होतं. सुंदरबाई कोणाला सांगणार नव्हती. लोटननं काचेतून सगळं पाहिलं होतं, पण बायकोच्या कामात बोलायची त्याची रीत नव्हती. आणि कुत्र्याला कोणी विचारलं नाही.

वर्ष होतं एकोणीसशे चौतीस, महिना वैशाख. खानदेशातलं मातीच्या धाब्याचं घर म्हणजे लाकडी सरांवर फांद्या, फांद्यांवर वीतभर माती. पुढची भिंत गेली आणि एक सर वाकला. लोटननं तीन टेकू लावून धाबं तोलून धरलं. मृग तीन आठवड्यांवर आलेला. तोपर्यंत भिंत उभी राहिली नाही, तर पहिल्या पावसाचं पाणी पिऊन जड झालेलं धाबं चुलीवर येणार, हे शेंबड्या पोरालाही कळत होतं. सुंदरबाईला तर रात्रंदिवस दुसरं काही सुचत नव्हतं. भिंत पाडली मोटारीनं, तेव्हा भिंत बांधून देईल मोटारीचा मालक. इतका सरळ हिशेब. फक्त मालक गाठायचा.

मालक गाठायला कितीसं लांब जायचं होतं? मोटारीच्या दोन्ही अंगांवर हातभर अक्षरांत लिहिलेलं होतं, 'हिलाल पाटील मोटार सर्व्हिस'. हिलाल म्हणजे लोटनचा चुलतभाऊ. मोटार आल्यापासून तो शेतावर जातानाही डोळ्याला ड्रायव्हरचा काळा चष्मा लावायचा, आणि कोणी नुसतं 'हिलालभाऊ' म्हटलं तर 'मोटारवाले' म्हणेपर्यंत ओ द्यायचा नाही. सुंदरबाई दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच्याकडे गेली. दारातली मोटार दोन्ही अंगांनी चुन्यानं पांढरीशुभ्र केलेली होती. हिलालनं चष्मा लावलेला नव्हता.

"वैनी, मोटार मनी नही," तो म्हणाला.

"मंग कोन्ही शे?"

"धुयाना पंडितशेठनी. कागदवर त्यानंच नाव शे. मी फक्त सांभाळस."

"काल नाव तुनं व्हतं ना वर?"

"चितारीनी चूक," हिलाल म्हणाला. "मी कवय बोलनू का, मोटार मनी शे म्हनीसन?"

सुंदरबाई वनाकडे गेली. वना म्हणाला, "काकी, मी चाक फिरावस. मालक कोन, ते चाकले माहीत नही आन मले बी नही." पण जाता जाता त्यानं तिला धुळ्याला फुकट न्यायचं कबूल केलं, आणि ती त्याच मोटारीतून मोटारीच्या मालकाला शोधायला निघाली.

पंडितशेठ जुन्या मोटारी विकत. माणूस गोड. त्यांनी तिला सावलीत बसवलं, पाणी दिलं आणि सांगितलं, "बाई, ती मोटार मी गेल्या वर्षी आषाढातच हिलाल पाटलांना विकली. कागद माझ्या नावावर राहिलाय खरा, कारण पुरी किंमत अजून यायची आहे. पण म्हणून मोटार माझी कशी? लेकीचं लग्न लावून दिलं की तिनं सासरी काय फोडलं, त्याचा जाब बापाला विचारतात का?"

बोलणं बिनतोड होतं. सुंदरबाई उठली ती समोरच्या माडीवर पाटी दिसली तिथे शिरली. पाटी होती जीवराम वकिलांची.

जीवराम वकील तरुण होते आणि त्यांना एक खोड होती. एक प्रश्न पुरेसा असेल तिथे ते दोन विचारत. बांधाचे, विहिरीचे, बैल चोरीला गेल्याचे दावे त्यांनी चालवले होते. मोटार अजून त्यांच्या टेबलावर आली नव्हती. सुंदरबाई बोलत गेली तशी त्यांची खुर्ची पुढे सरकत गेली.

"म्हणजे कागद एकाचा, मोटार दुसऱ्याच्या दारात, आणि चाक तिसऱ्याच्या हातात," ते म्हणाले. "मग मोटार कोणाची? छान आहे हं."

"छान कसं? भित पडनी मनी."

"तसं नाही बाई. हे पाहा, शेत असतं तर तलाठ्याच्या दप्तरात नाव पाहिलं असतं. बैल असता तर वैरण कोण घालतो ते विचारलं असतं. मोटारीचं काय विचारायचं, हा प्रश्न आहे. दावा लावला तर निकाल लागेपर्यंत तुमची भिंत नातवंडं बांधतील. पण नोटीस गेली म्हणजे माणसं घाबरतात. मी नोटीस लिहितो." त्यांनी सगळी नोटीस झरझर लिहिली आणि एका जागी लेखणी थांबली. 'सदर मोटारीचे मालक नामे' एवढं लिहून पुढे कोरी जागा सोडली. "येत्या रविवारी मी स्वतः तुमच्या गावी येतो. ही जागा भरल्याशिवाय मला झोप यायची नाही."

रविवारी वकीलसाहेब मोटारीनंच आले. उतरताना त्यांनी वनाला हॉर्न कसा वाजतो तेही विचारून घेतलं. पडलेल्या भिंतीपुढे सगळी भाऊबंदकी जमली होती. अकरा घरची माणसं, बायका, आणि मधोमध बाजेवर हिलालची आई भिकुबाई. अकरा घरांत वयानं तीच मोठी.

"मोटार का सुटली?" वकिलांचा पहिला प्रश्न.

"उटी सरकनी," वना म्हणाला. "दगड लायेल व्हता मी. मागून देखं तर दगड गायब."

"दगड कोणी काढला?"

लोटन आभाळाकडे बघू लागला. आभाळात काही नव्हतं. सुंदरबाई पदर सावरत म्हणाली, "साहेब, दगडनं जाऊ द्या. मालकनं विचारा." वकिलांना दगडाबद्दल अजून चार प्रश्न विचारायचे होते, पण अशील म्हणतेय म्हणून ते मालकाकडे वळले.

हिलाल तयारीत होता. कागद पंडितशेठचा, हे त्यानं तीन वेळा सांगितलं. रोजचं भाडं वना आणून देतो ते आपण फक्त ठेवून घेतो. पेट्रोल आपण भरतो ते माणुसकी म्हणून. मोटार आपल्या दारात उभी राहते, कारण तिला तिथली सावली आवडते.

वकिलांनी डोकं खाजवलं. "बैलाच्या दाव्यात मी एकच विचारतो. खायला कोण घालतं? मोटारीला काय विचारू?"

सुंदरबाईचा चेहरा एकदम उजळला.

"खावाले ना?" ती म्हणाली. "साहेब, मोटारले खावाले आम्ही घालेल शे. मोटारनी मूठ मी सोता मोजी व्हती."

हिलालचा हात खिशातल्या चष्म्याकडे गेला आणि परत आला.

श्रावणात कानबाई बसते, तेव्हा साऱ्या भाऊबंदकीचे रोट एकत्र होतात. घरोघरच्या पुरुषांची मोजणी करून प्रत्येकाच्या नावानं सव्वा मूठ गहू घेतात, दळतात आणि त्याचे रोट करतात. तो रोट भाऊबंदानंच खायचा. जावई जवळ बसला असला तरी त्याला घास मिळत नाही. कोण आपला आणि कोण परका हे ठरवायला खानदेशात याहून पक्का दस्तऐवज नाही. गेल्या श्रावणात कानबाई हिलालच्या घरी होती, मोटार येऊन महिना झाला होता, आणि हिलालचे पाय जमिनीला लागत नव्हते. गहू मोजायला सुंदरबाई बसली होती. चौतीस पुरुषांच्या चौतीस सव्वा मुठी झाल्यावर हिलाल म्हणाला होता, "वैनी, एक मूठ मोटारनी बी टाक. कमावता गडी शे तो मना घरना." बायका हसल्या होत्या. सुंदरबाईनं मूठ टाकली होती.

"खरं का हे?" वकिलांनी विचारलं.

हिलालनं तोंड उघडलं. पण बाजेवरून भिकुबाई बोलली, "हिलाल, कानबाई मायना नावनं खोटं बोलू नको. मी व्हतू तठे. तू बोलना, मना घरना गडी शे."

हिलाल खाली बसला.

"संपलं तर मग," जीवराम वकील म्हणाले. त्यांना इतका आनंद झाला होता, की त्यांनी उभ्याउभ्याच नोटीस काढली, लोटनच्या पाठीवर कागद टेकवला आणि कोऱ्या जागी 'हि' काढली. भिंतीचं काम होणार हे बघून सुंदरबाईच्या डोळ्यांत पाणी आलं. नऊ रात्री ती टेकूंकडे बघत जागी होती.

आणि तिथे वकिलांची खोड आडवी आली.

"पण मला एक सांगा," त्यांनी विचारलं, "मोटार तर रोट खात नाही. मग मोटारीच्या वाट्याचा रोट खाल्ला कोणी?"

रोट टाकता येत नाही, उरवता येत नाही, परक्याला देता येत नाही. तेव्हा मोटारीच्या रोटाचे अकरा तुकडे करून अकरा घरांनी ते खाल्ले होते. सुंदरबाईला आठवलं, तिच्या वाट्याला कडेचा खरपूस तुकडा आला होता आणि तो तिला फार आवडला होता.

"आम्ही बठ्ठासनी खादा," भिकुबाई म्हणाली. ती खोटं बोलत नसे, ही त्या घरातली एक अडचणच होती.

वकिलांनी लेखणी उचलली. "म्हणजे मोटार हिलालरावांच्या घरची नाही. अकरा घरच्या एकत्र रोटातली. तिचा वाटा अकरा घरांनी खाल्ला." मग ते अगदी हळू म्हणाले, "बाई, यात तुमचंही घर आलं. मला आता तुमच्याच वतीनं तुम्हालाच नोटीस द्यावी लागेल."

हिलाल ताडकन उठला. आठ दिवसांत पहिल्यांदा त्याच्या अंगात हुशारी आली होती.

"मंग मी काय सांगी राह्यनू?" तो म्हणाला. "मोटार मनी एकलानी नहीच शे. बठ्ठासनी शे. भित बठ्ठासनी बांधनी पडी."

बाकीची दहा घरं हिलालकडे रागानं बघू लागली. पण कानबाईचा रोट पोटात गेलेला होता, तो नाही म्हणता येईना. भिकुबाईनं निवाडा दिला. घरटी दोन माणसं, उद्या उजाडल्यापासून. हिलालच्या बैलगाडीतून माती यायची, हिलालच्या विहिरीचं पाणी. हिलाल आनंदानं कबूल झाला, कारण एकट्याच्या बोकांडी बसणारी भिंत अकरा पाठींवर गेली होती.

भिंत चौथ्या दिवशी उभी राहिली. बावीस माणसांनी गारा तुडवला, वाकलेला सर बदलला, धाब्यावर नवी पांढरी माती चोपली. सुंदरबाईनं चारही दिवस सगळ्यांना पिठलं-भाकरी घातली आणि भिंतीवरून हात फिरवून फिरवून पाहिलं. जुनीपेक्षा वीतभर जाड झाली होती. त्या रात्री ती गाढ झोपली. मृग लागायला अजून आठ दिवस होते.

सहाव्या दिवशी सकाळी सुंदरबाई नवं लुगडं नेसून मोटारीपाशी आली आणि वनाशेजारी पुढच्या बाकावर बसली.

"वैनी, भाडं," हिलाल म्हणाला.

"मालकीन भाडं देस का?" सुंदरबाईनं विचारलं. तिच्या आवाजात भांडण नव्हतं. तिला खरोखरच उत्तर हवं होतं.

हिलालला उत्तर सुचेपर्यंत मागच्या बाकावर अकरा घरचे चौदा मालक चढून बसले होते.

पुढे पंधरा दिवस असंच चाललं. एकाची सासुरवाडी रस्त्याला होती, दुसऱ्याला धुळ्यात दात काढायचा होता, आणि काही जण नुसते जाऊन येत. मालकांनी मोटार भरल्यावर भाड्याच्या पाशिंजरांना जागाच उरेना. वना उद्या मोटार पारोळ्याला न्यायची का, हे हिलालला विचारायच्या ऐवजी सुंदरबाईला विचारू लागला. तिनं मोटारीचा चुना धुऊन काढायला लावला. खालून हिलालचं नाव वर आलं, तेव्हा ती म्हणाली, "ऱ्हाऊ दे. पोटभाडेकरूनं बी नाव लागस."

जीवराम वकिलांच्या माडीवर एक दिवस हिलाल पाटील येऊन बसला. काळा चष्मा नव्हता. कपडे धुळीनं भरलेले होते, कारण तो पायरीवर उभा राहून आला होता.

"वकीलसाहेब," तो म्हणाला, "ती नोटीस शे का अजून?"

"आहे ना. का?"

"मना नाववर काढा."

वकिलांची खुर्ची पुढे सरकली. "अहो, पण भिंत तर बांधून झाली. नोटीस कशाची काढू?"

"मोटार मनी शे, मना एकलानी, असं कथंतरी लिखेल जोयजे," हिलाल काकुळतीला आला. "दंड लावा. भरपाई मांगा. मी देस. हाऊ दखा, मी सोता कबूल करस. भितनंच आडेल व्हई, तर मी ती पाडीसन देस परत."

"कागद पंडितशेठचा आहे ना?"

"कागदले काय करनं," हिलाल म्हणाला.

वकिलांनी त्याला पाणी दिलं आणि विचार करून कळवतो म्हणून सांगितलं. तो जिना उतरून गेल्यावर ते खिडकीशी आले. मोटार समोरच्या उतारावर उभी होती. मालकमंडळी आत बसली होती. हिलाल मागच्या पायरीवर चढला. वना चाकामागे तयार होता, पण मोटार निघेना. सगळे कोणाची तरी वाट पाहत होते.

मग पुढच्या बाकावरून सुंदरबाई सावकाश खाली उतरली. तिनं वाकून पुढच्या चाकाखालचा दगड काढला, झटकला, पदराखाली घेतला आणि पुन्हा आपल्या जागेवर जाऊन बसली. मोटार हलली. उतारावरून जाता जाता तिनं वर खिडकीकडे पाहिलं आणि वकिलांना नमस्कार केला.

दगड कोणी काढला, हे जीवराम वकिलांना आता कोणी सांगायची गरज नव्हती. ते टेबलाशी आले, बासनातून ती नोटीस काढली, 'हि' खोडली आणि मालक नामे याच्या पुढच्या कोऱ्या जागेत स्वच्छ अक्षरांत लिहिलं, 'सुंदरबाई भ्रतार लोटन पाटील, राहणार पिंपळखेडे'. त्या रात्री त्यांना झोप छान लागली.